एकशे आठ चौकटी

वूच शहरातल्या बावुतीच्या मंडईत काकडीवाल्या बाईने पिंपात कोपरापर्यंत हात घातला होता आणि झेनॉन ग्रालाक तिला मधल्या आकाराच्या बघून काढायला सांगत होता, तेवढ्यात त्याच्या कोटात फोन वाजला. एक्क्याऐंशीव्या वर्षी सकाळी दहाला येणारे फोन दोनच जातीचे असतात: कुणीतरी गेलेलं असतं, नाहीतर कुणीतरी सत्कार करायला निघालेलं असतं. ग्रालाकने मनातल्या मनात दोन्ही रकाने उघडून ठेवले. पण फोन चित्रपट संग्रहालयातून होता. तिथली किंगा, जुन्या फिल्मा धुऊनपुसून नव्या करणारी तिशीतली मुलगी, सात महिने त्याच्या ‘ओलं सूत’वर बसली होती.

“डायरेक्टरसाहेब, एक डबा सापडलाय.”

“हातांचा?”

“हात नाहीत. हातांचा नाद मी आता सोडला, खरं सांगते. हा छोटा डबा आहे, वर लिहिलंय ‘कोरी पट्टी’. पण आत कोरी नाहीये. एकशे आठ चौकटी आहेत, आवाजासकट. स्वयंपाकघराचा सीन. त्यात मुलगी बोलते.”

“सहा का आठ?” काकडीवालीने विचारलं.

“कोण बोलतं?” ग्रालाकने विचारलं.

“मुलगी. ती नाव सांगते. आणि मग बाप तेच नाव घेतो. साडेचार सेकंद. साहेब, ऐकू येतंय ना?”

“सहा,” ग्रालाक म्हणाला. बाईने आठ घातल्या.

किंगाचं म्हणणं सरळ होतं. नवी प्रत आता डायरेक्टरच्या मनासारखी करता येणार होती. हे साडेचार सेकंद आत घ्यायचे की बाहेर ठेवायचे हे त्याने शुक्रवारी येऊन सांगायचं आणि फॉर्मवर सही करायची. आज मंगळवार होता. ग्रालाक पिशवी घेऊन ट्रामच्या थांब्यावर येऊन बसला. पिशवीतून खाऱ्या पाण्याचा थेंब बुटावर पडत होता. दोन ट्रामी आल्या आणि गेल्या. तिसरीत चढायचं त्याने ठरवलं, तीही गेली.

‘ओलं सूत’मधला तो सीन ज्याला ठाऊक नाही असा विद्यार्थी वूच शहरात मिळणं कठीण. साल एकावन्न. गिरणीतला एक जॉबर. मागाचं उत्पादन घसरलेलं, म्हणून कुणीतरी मुद्दाम बिघाड केला असला पाहिजे, म्हणून जॉबरने उद्या गिरणीच्या सभागृहात तीनशे कामगारांपुढे उभं राहून स्वतःच्या चुकांचा पाढा वाचायचा, आणि शेवटी, मन साफ असल्याचा पुरावा म्हणून, बिघाड करणाऱ्याचं नाव सांगायचं. दोन पानं कचेरीतूनच टाइप होऊन आलेली. वाचून दाखवायचं नाही, मनापासून बोलायचं, म्हणजे पाठ करायचं. स्वयंपाकघरात बाप पाठ म्हणतोय, दहा वर्षांची मुलगी कागद धरून बसलीय, अडला की पुढचा शब्द सांगतेय, शाळेतली कविता घोकून घ्यावी तशी. शेवटची ओळ येते. बाप नावाशी येऊन थांबतो. मुलीकडे बघतो. मुलगी कागदाकडे बघते. ती बोलत नाही. अकरा सेकंद कुणीच बोलत नाही. मग एकदम भरलेलं सभागृह, आणि व्यासपीठाकडे चालत जाणारी बापाची पाठ. बस्स. ग्रालाकने आयुष्यात नऊ चित्रपट केले. त्यांतला लोकांना आठवतो एक. त्या एकातली आठवतात तीन मिनिटं, आणि त्या तीन मिनिटांतले हे अकरा सेकंद. त्याच्यावर आलेल्या दोन्ही पुस्तकांच्या पाठीवर त्या मुलीचं मिटलेलं तोंड छापलेलं आहे. त्याच्या दोन्ही बायकांनी, पहिलीने प्रेमात पडताना आणि दुसरीने सोडून जाताना, त्याच सीनचा दाखला दिला होता. दुसरी म्हणाली होती, पडद्यावर गप्प बसायचं तुला कळतं, घरात नाही. हिशेब असा सगळा चोख होता, फक्त एक नोंद खोटी होती. ते अकरा सेकंद ग्रालाकने केलेले नव्हते.

त्याने जे केलं होतं ते आता डब्यातून बाहेर आलं होतं. त्याच्या संहितेत मुलगी नाव सांगत होती, बाप ते मोठ्याने म्हणत होता, आणि सीन संपत होता. असा, धडधडीत. आणि तो तसा होता याचं कारण तो कुणी बघावा म्हणून लिहिलेलाच नव्हता. त्या काळात चित्रपट पुरा झाला की मंजुरीची बैठक व्हायची. सात-आठ माणसं, खनिज पाण्याच्या बाटल्या, बशीत पातळ बिस्किटं, आणि अंधारात पेन्सिलींचा आवाज. बैठक काहीतरी कापल्याशिवाय उठायची नाही, कारण न कापता उठली तर वरचे विचारणार, मग तुम्ही तिथे बसला होता कशाला. म्हणून जाणती मंडळी चित्रपटात एक हाड घालायची. हाड म्हणजे असा एखादा सीन, की जो बघितल्याबरोबर अध्यक्षाचा हात पेन्सिलीकडे जावा. ते हाड चघळण्यात बैठकीचा वेळ आणि राग खर्ची पडायचा आणि खरं मांस वाचायचं. कुणाचं हाड किती मोठं यावर कँटीनमध्ये चेष्टा चालायची. ग्रालाकचं मांस होतं शेवट: पाळी सुटल्यावर गिरणीतल्या बायका लांबलचक पन्हाळीवर ओळीने हात धुतात, सहा मिनिटं, एकच शॉट, बोलणं नाही, फक्त पाणी आणि चाळीस बायकांचे हात. त्या सहा मिनिटांसाठी त्याने उरलेला दीड तास काढला होता. आणि ते वाचवायला त्याला चांगलं दणकट हाड हवं होतं.

ते त्याला इर्मिनाकडून मिळालं. इर्मिना त्याची एडिटर, त्याचे चित्रपट कापायची. पहिल्यापासून शेवटपर्यंत नऊच्या नऊ. त्र्याहत्तर सालच्या हिवाळ्यात, दुसऱ्याच कुठल्यातरी फिल्मचं रीळ उलटं गुंडाळलं जात असताना, टेबलावरून नजर न काढता तिने त्याला ती गोष्ट सांगितली होती. तिचे वडील वालेंती, कचेरीतून आलेली दोन पानं, कागद धरून बसलेली ती. सांगताना तिने आवाज वर केला नाही की खाली केला नाही. रीळ थांबलं तशी तीही थांबली आणि म्हणाली, चल, दुसरं लाव. ग्रालाकला त्या वेळी जे वाटलं ते त्याला आजही स्पष्ट आठवत होतं, आणि ते फारसं शोभणारं नव्हतं. त्याला वाटलं होतं: हे कापणार. हे शंभर टक्के कापणार. त्याने तिला विचारलं नाही. संहिता टाइप होऊन आली तेव्हा तिने ती वाचली, पानं नीट जुळवून परत केली आणि म्हणाली, “नावसुद्धा तेच ठेवलंयस.”

“अगं, जाणारच आहे ते,” तो म्हणाला होता. “जे कुणी बघणारच नाही त्याला नवं नाव शोधत बसू का?”

गुस्ताव नावाच्या नटाने बापाचं काम केलं. सीन शूट झाला, तिच्या टेबलावर गेला, आणि पंच्याहत्तरच्या फेब्रुवारीत बैठकीच्या अंधारात ग्रालाक हाड कधी येतं याची वाट बघत बसला. आलं. बाप अडला, मुलीने कागदाकडे बघितलं, आणि ग्रालाकच्या कानांनी पुढचं नाव आधीच ऐकलं, जसं जिन्यावर अंधारात एक पायरी जास्त आहे असं समजून पाय टाकावा. नाव आलंच नाही. पाय पोकळीत गेला. दिवे लागल्यावर अध्यक्ष रुमालाने चष्मा पुसत होते. “स्वयंपाकघर राहू द्या,” ते म्हणाले. “माणुसकीचं आहे. आणि कुणाचं नाव घेतलेलं नाही, हे संयमाचं लक्षण. त्या काळच्या चुका तर आपण स्वतःच मान्य केल्यात. पण ग्रालाकसाहेब, शेवटी हे काय? सहा मिनिटं बायका हात धुतायत. एवढी घाण आली कुठून? आणि त्या इतक्या दमल्यात का?” बाकीच्या सातांनाही मग ते हात फार दमलेले दिसले. हात गेले, निगेटिव्हसकट गेले, आणि हाड राहिलं. बाहेरच्या बोळात त्याने इर्मिनाला गाठून विचारलं, “नाव कुठे गेलं?” ती कोटाची बटणं लावत म्हणाली, “लय बिघडत होती.” एवढंच. धंद्यातला शब्द होता, म्हणून त्याने तो धंद्यातलाच म्हणून घेतला. उन्हाळ्यात परदेशातल्या एका महोत्सवात कुणीतरी माइक पुढे करून विचारलं, मुलगी का बोलत नाही, तेव्हा तोच शब्द त्याच्या तोंडात तयार होता. लय, तो म्हणाला. टाळ्या पडल्या. पुढच्या वर्षी लयीच्या जागी मौन आलं, ऐंशी साली मौनाची साक्ष झाली, भिंती पडल्यावर इतिहास झाला, आणि अलीकडे तो नुसताच थोडा वेळ गप्प राहायचा आणि लोक त्यावरच खूश व्हायचे. दर वेळी एक सूत पुढे. मधे कुठे परत फिरायची जागा होती का हे तो आता थांब्यावर बसून शोधत होता, आणि त्याला अशा निदान चार जागा सापडल्या. चारही वेळी इर्मिना त्याच्यापासून दहा हातांच्या आत होती.

चौथ्या ट्राममध्ये तो चढला. खिडकीशी बसल्यावर त्याच्या लक्षात आलं, की आपण घाबरलेलो नाही, आपण खूश आहोत. एक्क्याऐंशी वर्षांच्या माणसाने भर सभागृहात उभं राहून सांगावं, की ज्यासाठी तुम्ही मला ओळखता ते माझं नाही, ते एका बाईचं आहे जिचं नाव तुम्हाला ठाऊक नाही. याहून चांगला शेवट कुणाच्या वाट्याला येणार? पिओत्रकोव्स्काचा चौक येईपर्यंत भाषण तयार झालं होतं. कुठे आवाज खाली न्यायचा हे ठरलं होतं. एका जागी थांबायचं, तेही ठरलं. समोर बसलेली बाई त्याच्याकडे टक लावून बघत होती, कारण त्याचे ओठ हलत होते. म्हणजे आपण पाठ करतोय, असं त्याच्या मनात येऊन गेलं, आणि ते त्याने तसंच पुढे जाऊ दिलं.

इर्मिना चौथ्या मजल्यावर एकटी राहते. नवरा जाऊन बारा वर्षं झाली, मुलगा नॉर्वेत पूल बांधतो. दार उघडून ती पुन्हा ओट्याशी गेली. कणीक लाटून पसरलेली होती आणि ती सुरीने तिचे चौकोन कापत होती, कोबीत घालायला.

“बूट काढ आणि ये. दारात उभा राहून स्वागताची वाट बघू नकोस.”

“काकड्या आणल्यात.”

तिने एक दाबून बघितली. “मऊ. बावुतीच्या ना? ती बाई दोन वर्षं मऊच विकतेय. तुझ्याशिवाय घेतं कोण?”

“डबा सापडला, इर्का.”

“कसला?”

“कोरी पट्टी.”

सुरी थांबली नाही. “सापडणारच. मी नीट लिहून ठेवलं होतं.”

“खोटं लिहून ठेवलं होतंस.”

“खोटं, पण सुवाच्य. तुझ्या अक्षरात असतं तर कुणाला लागलंच नसतं.”

“फेकून का नाही दिलंस?”

“झालं होतं ना ते,” ती म्हणाली. “फेकून कसं देणार?”

त्याने खुर्ची ओढली आणि भाषण सुरू केलं. तिच्यापुढे म्हणायचं म्हणून थोडं साधं केलं, पण थांबायची जागा ठेवली. ती कापत राहिली, मान वर न करता, जशी पन्नास वर्षं त्याचं बोलणं ऐकत आली होती तशी. त्याचं संपल्यावर ती म्हणाली, “कितीदा म्हणून बघितलंस?”

“एकदाच. ट्राममध्ये.”

“शेवटाआधी थांबतोस ते जास्त होतंय. आणि ‘ऋण’ हा शब्द काढ.”

“म्हणजे सांगू?”

“नाही सांगायचं.”

“अगं, तुझंच तर श्रेय—”

“मला नकोय. ठेव तुझ्याकडे. इतकी वर्षं सांभाळलंस, अजून किती दिवस जगणार आहेस?”

ग्रालाकला हसू आलं नाही. त्याला खरोखर वाईट वाटलं, आणि त्यातही थोडं भाषणाचं वाईट वाटलं हे त्याच्या लक्षात आलं. तो म्हणाला, “मला कळतं इर्का. तू वडिलांसाठी कापलंस. त्यांच्यावर येऊ नये म्हणून.”

“काही कळत नाही तुला,” ती म्हणाली. आता तिने सुरी खाली ठेवली आणि पिठाचे हात टेबलावर ठेवले. “बाबांना दोन्ही पानं पाठ होती. पहिल्या संध्याकाळीच. फक्त तिथे आले की अडकायचे. चार दिवस. मला वाटायचं, विसरतात. मी वर्गात पाठांतरात पहिली, मला त्यांचा राग यायचा, एवढा मोठा माणूस आणि एक नाव लक्षात राहत नाही. मी मोठ्याने सांगायचे. शेवटी शेवटी तर ते थांबायच्या आधीच मी सांगायला लागले. ते माझ्याकडे बघायचे आणि मी नाव सांगायचे. शाबासकी मिळेल असं वाटायचं मला.” ती थोडी थांबली, थांबायची म्हणून नव्हे, खालच्या मजल्यावर कुणीतरी नळ सोडला होता आणि पाइप वाजत होता, तो बंद व्हायची वाट बघितली. “तुझा तो गुस्ताव टेबलावर माझ्यापुढे अडला ना, मी ते सात-आठ वेळा मागेपुढे केलं. तो विसरलेला नव्हता. त्याला म्हणायचं नव्हतं. त्याला ती पोरगी नाही सांगणार असं वाटत होतं. तेहेतिसाव्या वर्षी कळलं मला. तेही कापता कापता.”

आपण गुस्तावला काय सांगितलं होतं ते ग्रालाकला लख्ख आठवत होतं. विसरल्यासारखं कर, त्याने सांगितलं होतं, कागद हरवलेल्या माणसासारखं. गुस्तावने मान हलवली होती आणि भलतंच काहीतरी केलं होतं, आणि कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या ग्रालाकला ते दिसलंच नव्हतं, कारण जे जाणारच आहे ते कोण निरखून बघतो. म्हणजे अकरा सेकंदांतले अर्धे गुस्तावचे आणि अर्धे हिचे. त्याच्या वाट्याला त्या खोलीतली खुर्ची तेवढी उरत होती, आणि खुर्चीही सामानवाल्याने आणलेली. त्याला आपण फार हलके झाल्यासारखं वाटलं, आणि ते चांगलं हलकं नव्हतं. आजारातून उठल्यावर जिना उतरताना पाय सापडत नाहीत तसं.

“त्यांनी बघितला?” त्याने विचारलं. इतक्या वर्षांत हे विचारलं नव्हतं हेही त्याला विचारतानाच कळलं.

“अकरा वेळा. तिकिटाच्या खिडकीवरची माझ्या वर्गातली होती. म्हणाली, तुझे बाबा येतात, कडेची जागा घेतात, आणि स्वयंपाकघर झालं की टोपी घालून उठतात. पुढचं कधी बघितलंच नाही त्यांनी. शेजारी म्हणायचे, लेकीचं कौतुक बघ किती. घरी एकदाच बोलले. बटाटे सोलत होते. म्हणाले, ‘तुझी ती पोरगी गप्प बसते ते बरं आहे.’”

“आणि तो? ज्याचं नाव—”

“चार वर्षांनी तुरुंगातून सुटला. बाबा त्याच्या दारात जाऊन उभे राहिले. त्याने दार उघडलं, बघितलं, आणि लावून घेतलं. त्यानंतर दोनच हिवाळे काढले त्याने. त्याच्या घरच्यांपासून काय लपलंय? तीनशे माणसं होती सभागृहात, त्याची बायको तिसऱ्या रांगेत होती. ज्यांना माहीत असायला हवं त्यांना आहे. तुझ्या विद्यार्थ्यांना कशाला?”

“किंगाने नाव ऐकलंय.”

“नुसतं नाव ऐकून काय होतं? सिनेमातलं नाव. कुणाचं ते तिला ठाऊक नाही. पण तू म्हणालास, इर्मिनाने कापलं, की ती विचारणार, इर्मिनाने का कापलं. मग इर्मिनाचा बाप कोण. मग गिरणी कुठली. आजकालच्या पोरी दोन दिवसांत काढतात शोधून. मग बाबांचा फोटो येईल पेपरात, आणि खाली माझा. दहा वर्षांची. पाठांतराचं बक्षीस घेताना.” तिने सुरी उचलली. “त्या एका खोलीत ती पोरगी बोलत नाही, झेनेक. जगात तेवढी एकच जागा आहे. ती तशी राहू दे.”

“मग मी करू काय?”

“इतकी वर्षं करतोयस तेच. मला वाटलं, सवय झाली असेल.”

तिने त्याला जेवायला थांबवलं. कोबी चांगला झाला होता. काकड्यांपैकी दोन तिने ठेवून घेतल्या, सूप करायला चालतील म्हणाली.

बुधवार आणि गुरुवार ग्रालाकने घरात काढले. त्याची मोठी सवय अशी, की माणूस भेटला की पहिल्या पाच मिनिटांत त्याला कुठल्यातरी यादीत टाकायचं. सत्काराला येणारे आणि जेवायला येणारे. ज्यांना आपला दुसरा चित्रपट ठाऊक आहे असे, आणि ठाऊक असल्याचं दाखवणारे. आधी सीनबद्दल विचारणारे आणि आधी मोरी कुठे आहे विचारणारे. याद्या पक्क्या असायच्या, नाव क्वचितच इकडचं तिकडे व्हायचं. स्वतःला मात्र त्याने कधी कुठे टाकलं नव्हतं, यादी करणाऱ्याने करायचं नसतं ते. आता दोन दिवस तो तेच करून बघत होता आणि जमत नव्हतं. चोर म्हणावं, तर ज्याचं चोरलं तीच म्हणत होती, ठेव. कबुली द्यावी, तर ती दुसऱ्याच्या खिशातून द्यायची. वालेंतीने तीनशे लोकांपुढे कबुली दिली होती आणि ती सगळी खोटी होती, खरा होता तो फक्त नाव घेतलेला माणूस. गुरुवारी संध्याकाळी त्याने ट्राममधलं भाषण पुन्हा एकदा मनात म्हणून बघितलं. ‘ऋण’ काढल्यावर खरंच बरं झालं होतं. मग त्याने ते विसरायचा प्रयत्न केला, पण पाठ झालेली गोष्ट तशी जात नाही.

शुक्रवारी अकराला संग्रहालयातल्या खोलीत पडदे ओढून किंगाने त्याला ते दाखवलं. तिने ते सीनमध्ये जोडूनच ठेवलं होतं. गुस्ताव अडला. ग्रालाकने या खेपेला बघितलं, खरोखर बघितलं. गुस्तावच्या हनुवटीखाली काहीतरी एकदा वर गेलं आणि खाली आलं. तो विसरलेला नव्हता. मुलीने कागदाकडे बघितलं आणि स्वच्छ, शाळेतल्या आवाजात नाव सांगितलं, नाव आणि आडनाव, पुढे मागे काही नाही. ते इथेही नको. बापाने ते म्हटलं. किंगाने चित्र थांबवलं.

“अंगावर काटा येतो,” ती म्हणाली. “साहेब, मी चार दिवस हेच बघतेय. चुप्पी मोठी आहे, मान्य. पण हे खरं आहे. हे आत घेऊ या ना.”

“बाहेर.”

“पण का? फॉर्मवर कारण लिहावं लागतं. एक ओळ.”

“लय,” ग्रालाक म्हणाला. “लय बिघडते.”

किंगाने लिहिलं नाही. ती पेन बोटांत फिरवत राहिली. हुशार मुलगी होती. ग्रालाकने पहिल्याच आठवड्यात तिला ज्या यादीत टाकलं होतं तिच्यात मोजून तीन माणसं होती. “एक विचारू?” ती म्हणाली. “डब्यावरचं अक्षर तुमचं नाही. मी लॉगबुकं ताडून बघितली. तुमच्या एडिटरबाईंचं आहे, इर्मिनाबाईंचं. आणि तुमच्या संहितेत नाव आहे, शूटिंगच्या नोंदीतही आहे. बैठकीच्या प्रतीत नाही. म्हणजे ते कापलं गेलं त्यांच्या टेबलावर. मला सारखं वाटतंय, की हा कट त्यांचा असावा. त्या आहेत ना इथेच, वूचमध्ये? मला त्यांची मुलाखत घ्यायचीय. एवढ्या बायकांनी एवढे सिनेमे कापले आणि कुणाला नाव ठाऊक नाही. निदान या एकाबद्दल तरी—” तिचे गाल तापले होते. तिने हे बरेच दिवस धरून ठेवलेलं दिसत होतं.

सगळं भाषण जिभेवर आलं. पहिलं वाक्य तर ओठांपर्यंत. त्याला इतकंच करायचं होतं, की हो म्हणायचं, आणि समोरची ही मुलगी उठून त्याचा हात हातात घेणार होती, यात त्याला शंका नव्हती. खोली उबदार होती. पडद्यावर ती मुलगी अर्धवट उघड्या तोंडाने थांबलेली होती.

“इर्मिनाचा?” ग्रालाक म्हणाला. तो खुर्चीत मागे टेकला, आणि चांगल्या नटाला सांगितलं असतं तितकंच हसला, जास्त नाही. “किंगा, बाई चांगली होती. हात स्वच्छ, वेळेवर यायची. पण मी पेन्सिलीने खूण करायचो आणि ती तिथे कापायची. त्या काळी बायका टेबलावर तेवढंच करायच्या. तिला जाऊन विचाराल तर ती बिचारी गोंधळेल. तिला त्यातलं काही कळायचं नाही.”

किंगा त्याच्याकडे बघत राहिली. रागाने नाही. बाजारात फळ उलटून बघावं आणि डाग दिसल्यावर परत ठेवावं, तसं. यादीतून नाव काढताना माणसाचा चेहरा कसा होतो हे ग्रालाकला पक्कं माहीत होतं. समोरून मात्र तो आजच बघत होता. तिने फॉर्मवर एक ओळ लिहिली, एडिटरच्या रकान्यापुढे एक आडवी रेघ मारली, आणि कागद त्याच्याकडे सरकवला.

“इथे सही करा, मिस्टर ग्रालाक,” ती म्हणाली.

ग्रालाकने चष्मा लावला, ओळ वाचली, आणि सही केली.